दहापैकी सात

स्टोकच्या इस्पितळात, तळमजल्यावर, एक्स-रेच्या पुढे
तीस मीटरचा एक कॉरिडॉर आहे.
दोन टोकांना दोन नारिंगी शंकू,
आणि सहा मिनिटं.
बस, एवढंच माझं दुकान.

"पळायचं नाही. बोलायचं नाही. दम लागला तर थांबा,
पण घड्याळ थांबणार नाही,"
हे मी दिवसातून अकरा वेळा म्हणते,
इतक्या सपाट आवाजात
की त्यात धमकी आहे हे माझ्याही ध्यानात येत नाही.

विल्फ कोलक्लफ, वय चौऱ्याहत्तर.
एकतीस वर्षं कपबशांच्या कारखान्यात
भट्टीतून निघालेला माल बोटाच्या पेराने वाजवून बघायचा.
टण्ण म्हणजे चांगला. थब्ब म्हणजे तडा.
मी म्हटलं, आमच्याकडेही मडकं वाजवूनच घेतात.
तो म्हणाला, मग तुमची माणसं शहाणी.
धूळ मात्र वाजत नाही. ती नुसती बसते.

एनिड त्याच्या मागून घडीची खुर्ची घेऊन चालत होती.
नियमात बसत नाही. मी शंकूकडे बघत राहिले.
एकशे नव्वद मीटर.
शेवटच्या दहात ओठ जांभळाच्या सालीसारखे.

मग बेरीज.
फुंकरीचे तीन.
जिना सोडाच, सपाटीवरही शंभर मीटरला थांबतो, त्याचे दोन.
चालीचे दोन.
वजनाचा शून्य, कारण एनिड रोज सकाळी
ओटकेकवर चीज वितळवते
आणि संपवल्याशिवाय उठू देत नाही.

"किती पडले?"
"सात."
"दहापैकी? एनिड, ऐकलंस?
शाळेत चारच्या वर कधी गेलो नाही मी."

माझ्या जिभेवर आलं होतं की इथे उलटी मोजणी,
इथे मार्क मिळवून नापास होतात,
सातवाल्या पाचांतला एक
चार वर्षांनी फोन उचलतो.
पण त्याने कोटाची बटणं लावायला घेतली होती
आणि तिसऱ्या बटणाला विसावा.
मी म्हटलं, "पुढच्या मार्चमध्ये बोलावू."

फेब्रुवारीत मी यादी घेऊन बसते.
प्रत्येक नावापुढे तीन चौकोन:
हयात. मृत. संपर्क नाही.
मराठीत वाचते मी ते, मनातल्या मनात.
हयात, म्हणजे बाबांचा पेन्शनचा दाखला,
दर नोव्हेंबरला बँकेत जाऊन
मी आहे, असं सही करून सांगायचे.

फोन विल्फने उचलला. चौकोन भरला.
मग सवयीने विचारलं, एनिड कशी आहे?

ऑक्टोबरात. सकाळी. तवा गॅसवर होता.
तिला काही नव्हतं, डॉक्टरकडे तिची फाईलसुद्धा पातळ.
खुर्ची अजून गाडीच्या डिकीत आहे, म्हणाला,
काढली नाही.

माझ्या तक्त्यात एनिडला ओळ नाही.
तिला कुणी चालवून बघितलं नव्हतं,
कुणी वाजवून बघितलं नव्हतं.

मार्चमध्ये तो एकटा आला. कोट मोठा झालेला.
दोनशे चार.
चौदा मीटर जास्त, पण तीसच्या आतला फरक
आम्ही फरक धरत नाही.
दोनदा त्याने मागे वळून पाहिलं.
त्या सेकंदांना कुठे लिहायचं
याची सूचना फॉर्मवर नाही.

वजनाचा या खेपेला एक.
"किती?"
"आठ."
तो हसला, हसण्यात खोकला,
खोकल्यात डोळ्यांत पाणी,
कशामुळे काय, ते मी वेगळं केलं नाही.

"पोरी, एकतीस वर्षं मी तडेच मोजले.
जास्त म्हणजे काय ते त्याच दिवशी कळलं होतं.
ती शेजारी उभी होती, म्हणून तसं बोललो."

जाताना माझ्या टेबलावरचा,
पेनं ठेवायचा, कान तुटलेला कप
त्याने पेराने वाजवला.
वाकून ऐकलं.
काही बोलला नाही.